टाळ्या नको तिथे पडल्या : ‘ओम क्रूगर’च्या एका खेळाचे प्रकरण

पार्श्वभूमी

पश्चिम महाराष्ट्रातील एका जिल्ह्याच्या ठिकाणी बरीच वर्षे चालू असलेल्या एका फिल्म सोसायटीने १९४१ सालचा ‘ओम क्रूगर’ हा जर्मन प्रचारपट सभासदांना दाखवला. त्या संध्याकाळी काय झाले आणि त्यानंतर कार्यकारिणीला त्याच चित्रपटावर दुसरा कार्यक्रम का घ्यावा लागला, याची ही नोंद आहे. सोसायटीचे आणि व्यक्तींची नावे वगळली आहेत. प्रस्तुत लेखक त्या वेळी कार्यकारिणीत होता आणि पुढे सांगितलेल्या चुकांपैकी निदान दोन त्याच्या स्वतःच्या आहेत.

सोसायटी दर महिन्याच्या दुसऱ्या शनिवारी एका वाचनालयाच्या सभागृहात चित्रपट दाखवते. सभासदांत निवृत्त मंडळी अधिक असून गेल्या काही वर्षांत महाविद्यालयीन मुलेमुलीही येऊ लागली आहेत. त्या वर्षी ‘युद्ध आणि पडदा’ अशी चार चित्रपटांची मालिका ठरली होती आणि तीत एक तरी उघड प्रचारपट असावा, असा सचिवांचा आग्रह होता. ‘ओम क्रूगर’ सुचवताना त्यांनी दोन कारणे दिली. पहिले म्हणजे एमिल यानिंग्ज. सर्वोत्कृष्ट अभिनेत्याचे पहिलेवहिले ऑस्कर मिळवणारा हा नट पुढे नाझी राजवटीचा लाडका कलावंत कसा झाला, हे एकाच भूमिकेत दिसते. दुसरे कारण घरच्या अंगणातले होते. दक्षिण आफ्रिकेतले डच वंशाचे शेतकरी म्हणजे बोअर आणि इंग्रज यांच्यातल्या ज्या बोअर युद्धावर हा चित्रपट बेतला आहे, त्या युद्धात पकडलेले सुमारे ९ हजार बोअर कैदी इंग्रजांनी हिंदुस्थानात आणून ठेवले होते आणि त्यांच्या छावण्यांपैकी एक अहमदनगरला होती. आमच्या सभासदांपैकी फार थोड्यांना हे ठाऊक होते.

चित्रपट आणि त्यामागचा इतिहास

नावातला ‘ओम’ म्हणजे ॐ नव्हे. पत्रक वाचून एका सभासदाने तशी चौकशी केली होती, म्हणून हे सांगायला हवे. ओम म्हणजे काका. ट्रान्सवाल या बोअर प्रजासत्ताकाचे अध्यक्ष पॉल क्रूगर यांना त्यांची माणसे प्रेमाने याच नावाने हाक मारीत. १८८६ मध्ये ट्रान्सवालमधल्या विटवॉटर्सरँडला सोने सापडले, इंग्रजी भांडवल आणि इंग्रजी महत्त्वाकांक्षा तिकडे वळली, १८९५ च्या अखेरीस जेमसन या इंग्रजाची ट्रान्सवालवरची फसलेली चढाई झाली आणि ऑक्टोबर १८९९ मध्ये युद्ध पेटले. समोरासमोरच्या लढाईत हरल्यावर बोअरांनी गनिमी कावा धरला. त्यावर इंग्रज सेनापती किचनरच्या फौजेने शेतघरे जाळली आणि बायकामुलांना तंबूंच्या छावण्यांत कोंडले. त्या छावण्यांत सुमारे २८ हजार बोअर मेले आणि त्यांतली २२ हजारांहून अधिक १६ वर्षांखालची मुले होती. एमिली हॉबहाउस या इंग्रज बाईंनी १९०१ मध्ये हे सारे इंग्लंडपुढे मांडले, तेव्हा तिथल्या विरोधी पक्षनेत्यानेच या युद्धरीतीला रानटी म्हटले.

चित्रपटाची सुरुवात स्वित्झर्लंडमधल्या एका हॉटेलात होते. आंधळा, थकलेला क्रूगर काळोख्या खोलीत बसला आहे, एक वार्ताहर आत घुसून त्याचा फोटो काढतो आणि म्हातारा आपली कहाणी सांगू लागतो. तिथून पुढे इंग्रज म्हणून जो जो येतो तो लोभी, ढोंगी किंवा हास्यास्पद असतो. राणी व्हिक्टोरिया औषध म्हणून व्हिस्की घेते. मिशनरी एका हाताने बायबल आणि दुसऱ्या हाताने बंदुका वाटतात. छावणीचा अधिकारी मुद्दाम चर्चिलसारखा दिसणारा निवडला आहे आणि उपाशी बायकांच्या देखत तो आपल्या कुत्र्याला मांस भरवतो. ऑक्सफर्डला शिकलेला, इंग्रजांवर विश्वास ठेवणारा क्रूगरचा मुलगा यान शेवटी त्याच छावणीत बायकोसमोर फासावर चढतो आणि आक्रोश करणाऱ्या बायकांवर सैनिक गोळ्या झाडतात. अखेरीस क्रूगर भविष्य वर्तवतो की अधिक मोठी, अधिक बलाढ्य राष्ट्रे उठतील आणि इंग्लंडचा चुराडा करतील.

दिग्दर्शक हान्स श्टाइनहोफ. प्रकाशन ४ एप्रिल १९४१ रोजी बर्लिनमध्ये झाले. ‘राष्ट्राचा चित्रपट’ हा नाझी किताब मिळालेला हा पहिला चित्रपट, आणि त्याच वर्षी व्हेनिसला सर्वोत्कृष्ट परदेशी चित्रपटाचा मुसोलिनी चषकही त्याला मिळाला. जर्मन विमाने तेव्हा इंग्रजी शहरांवर बाँब टाकत होती, डाखाउची छळछावणी सुरू होऊन ८ वर्षे झाली होती आणि आउश्वित्झमध्ये कैदी मरत होते. हिटलरने त्याच वर्षीच्या ३० जानेवारीच्या भाषणात छळछावणी हा इंग्रजांचा शोध असल्याचे सांगितले होते. चित्रपटाने तोच मुद्दा सव्वादोन तासांत रंगवला.

अडचण

कार्यकारिणीच्या बैठकीत इतिहासाच्या एका निवृत्त प्राध्यापिकेने जी शंका काढली, तिच्याभोवतीच हे सारे प्रकरण फिरते. त्यांचे म्हणणे असे की, ज्यूद्वेषी नाझी चित्रपट लावला तर आपला प्रेक्षक आपोआप सावध राहील, कारण त्या द्वेषाशी त्याचे काही देणेघेणे नाही. इथे मात्र शिव्या इंग्रजांना आहेत आणि त्या ऐकायला आपला प्रेक्षक आधीच तयार बसला आहे. “सर, हा सिनेमा त्यांनी त्यांच्या लोकांसाठी काढला,” त्या सचिवांना म्हणाल्या, “पण तो आपल्यावर जास्त चालेल.”

दुसरी गाठ याहून अवघड होती. या चित्रपटात सांगितलेले पुष्कळसे खरे आहे. छावण्या होत्या, जाळपोळ झाली, मुले मेली. ‘हे खोटे आहे’ असे म्हणून प्रेक्षकाला सावध करता येत नाही. खरी गोष्ट कोण सांगतो आहे, कशासाठी सांगतो आहे आणि सांगताना काय गाळतो आहे, हे दाखवावे लागते, आणि ते चित्रपटाच्या ओघात बसलेल्या माणसाला दिसत नाही.

पुढे असलेले पर्याय

चित्रपट मालिकेतून काढून टाकणे हा पहिला पर्याय कोणीच जोराने मांडला नाही. न दाखवलेल्या गोष्टीबद्दल कुतूहल वाढते, एवढेच त्यावर बोलले गेले.

दुसरा पर्याय प्राध्यापिकेचा होता : पूर्ण चित्रपट न लावता ३०–४० मिनिटांचे निवडक प्रसंग घ्यावेत आणि प्रत्येकानंतर थांबून बोलावे. सचिवांना हे मुळीच पटले नाही. तुकडे पाहून प्रचार कळत नाही, प्रचाराची ताकद त्याच्या ओघात असते आणि तो ओघ अंगावर घेतल्याशिवाय प्रेक्षकाला आपण कुठे वाहवलो हे कळणार नाही, असे त्यांचे म्हणणे होते. माझे मतही तेव्हा त्यांच्याच बाजूने होते.

तिसरा पर्याय मधला. पूर्ण चित्रपट, आधी २० मिनिटांचे प्रास्ताविक आणि नंतर चर्चा. जर्मनीतही या चित्रपटाबाबत साधारण हीच पद्धत आहे. नाझी काळातल्या ४० हून अधिक चित्रपटांवर तिथे असे बंधन आहे की ते विक्रीला ठेवायचे नाहीत आणि दाखवायचे तर जाणकाराचे प्रास्ताविक व चर्चा यांसहच दाखवायचे. त्यांचे हक्क वीसबाडेनच्या मुर्नाउ प्रतिष्ठानाकडे आहेत. परवानगी आणि प्रत यांचा पत्रव्यवहार सचिवांनी नेटाने केला. तो भाग या नोंदीच्या दृष्टीने महत्त्वाचा नाही.

घेतलेला निर्णय

तिसरा पर्याय एकमताने ठरला. प्रास्ताविक प्राध्यापिकेने करायचे, दोन पानी मराठी टिपण दारात वाटायचे आणि चित्रपटानंतर अर्धा तास चर्चा घ्यायची. कागदावर यात खोट नव्हती.

जाहिरातीचा मजकूर माझ्याकडे होता. मी लिहिले : ‘जर्मनीत आजही मोकळेपणाने दाखवला न जाणारा दुर्मिळ चित्रपट.’ वाक्य खरे होते आणि गर्दी जमवायला उत्तम होते. हा चित्रपट दडपलेले सत्य आहे, अशी समजूत त्या एका वाक्याने प्रेक्षक सभागृहात शिरण्याआधीच करून दिली, हे तेव्हा माझ्या ध्यानात आले नाही.

प्रत्यक्ष खेळ

त्या शनिवारी नेहमीपेक्षा बरेच अधिक लोक आले. त्याच दिवशी एका ज्येष्ठ सभासदाचा पंचाहत्तरीनिमित्त सत्कार ठेवला होता. शाल, श्रीफळ, दोन भाषणे आणि सत्कारमूर्तींचे उत्तर होईपर्यंत ३५ मिनिटे गेली. सभागृह साडेनऊला रिकामे करून द्यायचे होते. सचिवांनी माझ्याकडे पाहिले, मी प्राध्यापिकेकडे जाऊन म्हणालो, “मॅडम, जरा आटोपतं घेता का? बाकीचं नंतर चर्चेत बोलू.” त्या काही बोलल्या नाहीत. २० मिनिटांचे प्रास्ताविक ६ मिनिटांत संपले आणि त्यात यानिंग्जच्या ऑस्करचा उल्लेख झाला, बोअर कैदी नगरला होते हे सांगून झाले, १९४१ चे संदर्भ मात्र एका वाक्यात गेले. टिपणाच्या प्रती झेरॉक्सवाल्याकडून उशिरा आल्या, म्हणून त्या बाहेर जाताना द्यायच्या ठरल्या.

राणीच्या व्हिस्कीवर मोठा हशा झाला. छावणीच्या प्रसंगात सभागृह गार झाले आणि पुढच्या रांगेतल्या एक आजी पदराने डोळे पुसत होत्या. यात गैर काही नाही, तो प्रसंग तसाच घडवला आहे. मग शेवट आला. इंग्लंडचा चुराडा होईल आणि त्यानंतर जग राहण्यालायक होईल, असे म्हातारा म्हणाला आणि उजव्या बाजूने टाळ्या सुरू झाल्या. एकदोघांच्या नव्हे, चांगल्या तीनचार रांगांच्या. आपल्याच सोसायटीच्या सभागृहात, आपल्याच सभासदांनी, नाझी प्रचारमंत्री गोबेल्सच्या खात्याने बेतलेल्या जागी, बेतल्याप्रमाणे टाळ्या दिल्या.

दिवे लागले तेव्हा सव्वानऊ वाजून गेले होते. चहा नव्हता, अर्धे लोक उठले. उरलेल्यांतून एक निवृत्त गृहस्थ उभे राहून म्हणाले, “सगळं खरंच तर दाखवलंय. इंग्रजांनी आपल्याला तरी काय वेगळं केलं?” पुन्हा टाळ्या. माईक माझ्या हातात होता आणि मी ‘वेगळा दृष्टिकोन मांडल्याबद्दल’ त्यांचे आभार मानले. त्यानंतर मागच्या रांगेतली एक विद्यार्थिनी उठली. “काका, एक विचारू का?” ती त्या गृहस्थांनाच म्हणाली. “आफ्रिकेतला सिनेमा आहे ना? मग आफ्रिकेतली माणसं यात कुठे आहेत? बंदुका घेतात तेवढीच दिसली.” गृहस्थ म्हणाले, “अगं, हा बोअरांचा इतिहास आहे.” एवढ्यात वाचनालयाच्या शिपायाने पंखे बंद करायला सुरुवात केली.

दोन दिवसांनी सोसायटीच्या व्हॉट्सॲप गटावर शेवटच्या प्रसंगाची मोबाइलवर घेतलेली चित्रफीत आली. खाली ओळ होती : ‘इंग्रजांचा खरा चेहरा. जरूर बघा.’

दुसरा निर्णय

बैठक तातडीने बोलावली गेली. विषय सोडून द्यावा, चार दिवसांत लोक विसरतील, असे खजिनदारांचे मत होते. गटावर खुलासा टाकावा असे सचिवांना वाटत होते. प्राध्यापिका म्हणाल्या की, खुलासा म्हणजे आपण प्रेक्षकाला मूर्ख ठरवल्यासारखे होईल. तो मूर्ख नव्हता, त्याला आपण ठरल्याप्रमाणे तयारी दिली नाही. त्यांनी आपला जुना प्रस्ताव पुन्हा पुढे केला : तीन प्रसंग, तीन थांबे, आणि या वेळी सत्कार नाही. तीन आठवड्यांनी रविवारी सकाळी तो कार्यक्रम झाला.

पहिला थांबा छावणीच्या गोळीबारावर होता. छावण्यांतली माणसे गोळ्यांनी मेली नाहीत. गोवर, विषमज्वर, आव आणि अपुरे, नासके अन्न यांनी मेली. गोळीबार दाखवला की गुन्हा एका क्रूर, लठ्ठ, चर्चिलसारख्या माणसाचा होतो. गोवराने मुले मेली म्हटले की गुन्हा रसदीच्या हिशेबांचा, बेपर्वाईचा आणि कागदावर सही करणाऱ्या व्यवस्थेचा होतो. १९४१ च्या जर्मनीला ही दुसरी गोष्ट पडद्यावर परवडणारी नव्हती, कारण तिच्या स्वतःच्या छावण्या कागदावरच चालत होत्या.

दुसरा थांबा मिशनरींच्या प्रसंगावर, म्हणजे त्या मुलीच्या प्रश्नावर. कृष्णवर्णीयांसाठी इंग्रजांनी वेगळ्या छावण्या केल्या होत्या. तिथे नोंदलेले मृत्यूच १४ हजारांच्या वर आहेत आणि प्रत्यक्ष आकडा २० हजारांवर गेला असावा, असे अभ्यासक मानतात. चित्रपटात त्यांतला एकही नाही. नाझींना बोअर हवे होते ते गोरे, शेतकरी, पोराबाळांचे म्हणून, आफ्रिकेतल्या मूळच्या माणसाचे दुःख त्यांच्या हिशेबात बसत नव्हते. जर्मनीच्या स्वतःच्या वसाहतीचा इतिहास तर त्याहून वाईट. १९०४ ते १९०८ या काळात आजच्या नामिबियात जर्मन फौजेने हेरेरो आणि नामा लोकांचा संहार केला, शार्क बेटावर त्यांच्यासाठी छावणी उघडली, आणि तो वंशसंहार होता हे जर्मन सरकारने कबूल केले ते २०२१ मध्ये.

तिसऱ्या थांब्याला प्राध्यापिकेने चित्रपट बाजूला ठेवला आणि गांधीजींच्या आत्मकथेतला प्रसंग सांगितला. तो इथे मुद्दाम विस्ताराने देतो, कारण सभागृह खरे बदलले ते इथे. १८९३ मध्ये गांधीजी ट्रान्सवालची राजधानी प्रिटोरियाला होते. काळ्या आणि आशियाई माणसांनी तिथे पदपथावरून चालायचे नाही, असा नियम होता. ते रोज ज्या रस्त्याने फिरायला जात, त्यावर अध्यक्ष क्रूगरांचे घर होते. घर इतके साधे, बागबगीचाही नसलेले, की दारातल्या शिपायावरूनच तिथे कोणी मोठा अधिकारी राहतो हे कळावे. एके दिवशी त्या शिपायाने काही न बोलता गांधीजींना ढकलले आणि लाथ मारून रस्त्यावर घातले. ओळखीचे एक गोरे गृहस्थ घोड्यावरून जात होते, त्यांनी साक्ष देण्याची तयारी दाखवली. स्वतःच्या गाऱ्हाण्यासाठी कोर्टात जायचे नाही असे गांधीजींनी ठरवले होते, म्हणून ते गेले नाहीत. ही लाथ पडद्यावरच्या काकांच्याच दारात बसली होती. हिंदी माणसाला नागरिकत्व आणि ठरवून दिलेल्या वस्तीबाहेर जमीन नाकारणारा १८८५ चा कायदाही काकांच्याच राज्याचा. असे असून गांधीजींनी लिहिले आहे की मनाने त्यांची सहानुभूती बोअरांकडे होती, आणि तरीही त्यांनी सुमारे ११०० हिंदी लोकांचे शुश्रूषापथक उभे करून काम केले ते इंग्रजांच्या बाजूने.

हे ऐकल्यावर बराच वेळ कोणी बोलले नाही.

फलित

या दुसऱ्या कार्यक्रमाला पहिल्याच्या निम्मेही लोक नव्हते. टाळ्या देणाऱ्या रांगांतले तर पाचसहाच आले. ‘सगळं खरंच’ म्हणणारे गृहस्थ आले होते. त्यांनी शेवटी विचारले, “म्हणजे इंग्रज चांगले होते असं म्हणायचंय का तुम्हाला?” प्राध्यापिकेने नाही म्हणून सांगितले. छावण्यांचा आकडा तोच राहतो, फक्त तो कोणाच्या तोंडून ऐकायचा हे ठरवावे लागते. गृहस्थांचे समाधान झाले असे मला वाटत नाही. गटावरची चित्रफीत टाकणाऱ्याने ती काढली नाही, तिच्याखाली दोन पानी टिपण मात्र आम्ही जोडले आणि ते किती जणांनी उघडले हे सांगता येत नाही. विद्यार्थिनी आता कार्यकारिणीच्या बैठकांना येऊन बसते.

ठोस बदल दोन झाले. प्रास्ताविक असलेल्या दिवशी सत्कार किंवा अन्य कार्यक्रम ठेवायचा नाही, आणि टिपण खेळाच्या आठवडाभर आधी सभासदांना पाठवायचे. दोन्ही ठराव इतिवृत्तात आहेत.

वेगळे काय करता आले असते

वेळ कमी पडत होता तेव्हा कापायला प्रास्ताविकाशिवाय दोन गोष्टी होत्या : सत्कारातले एक भाषण किंवा तो दिवसच. आपल्याकडे भाषण कापणे कठीण आणि चित्रपटाचे प्रास्ताविक कापणे सोपे, म्हणून मी सोपे ते केले. खेळ पुढच्या आठवड्यावर टाकता आला असता आणि त्याने फार तर काही सभासद नाराज झाले असते.

टाळ्या पडल्या तो खरा निर्णयाचा क्षण होता. मी तेव्हाच म्हणू शकलो असतो की, ‘थांबा, आपण आत्ता टाळ्या कशाला दिल्या?’ असा प्रश्न त्या वेळी, त्या गरम हवेत विचारला असता, तर तीन आठवड्यांनंतरच्या सगळ्या आकड्यांपेक्षा तो अधिक लागला असता. मी आभार मानले. सूत्रसंचालन करणाऱ्याला आभार मानण्याची सवय असते, ती तिथे नडली.

जाहिरातीतले ते वाक्य आता लिहायचे झाले तर मी १९४१ हे साल आणि तो कोणाच्या पैशाने काढला, एवढेच लिहीन. गर्दी कमी होईल.

एका मुद्द्यावर कार्यकारिणीत आजही एकमत नाही. सचिव म्हणतात, पूर्ण चित्रपट दाखवला म्हणूनच टाळ्या पडल्या आणि टाळ्या पडल्या म्हणूनच दुसऱ्या कार्यक्रमाला काही अर्थ आला. प्राध्यापिका म्हणतात, निम्म्याहून अधिक लोक दुसऱ्या कार्यक्रमाला आलेच नाहीत, त्यांच्या मनात आजही क्रूगर काकांचे भविष्यच आहे. दोघांचेही मला पटते, आणि म्हणून मी या वादात मत दिलेले नाही.

पुढच्या मालिकेसाठी सचिवांनी ‘कार्ल पेटर्स’ सुचवला आहे. तोही १९४१ चाच, पूर्व आफ्रिकेत जर्मन वसाहत उभी करणाऱ्या आणि तिथल्या लोकांवरील क्रौर्याबद्दल १८९७ मध्ये सरकारी सेवेतून बडतर्फ झालेल्या माणसाला नायक करणारा. प्राध्यापिकेने अट घातली आहे की प्रास्ताविक आधी पूर्ण लिहून झाले पाहिजे, मगच तारीख धरायची. प्रास्ताविक लिहिण्याचे काम त्या विद्यार्थिनीकडे आहे. ते अजून झालेले नाही आणि तारीखही ठरलेली नाही.